रस्ताभर आवाज

"नाई म्हनलं ना बेटा. मले नको बसवू तिथं," अन्सारभाई म्हणाले आणि निमंत्रणपत्रिका न वाचताच त्यांनी उशीखाली सारली.

"पन काहून?" जमुनाने विचारलं.

"टोंगळे दुखते," ते गुडघे चोळत म्हणाले.

"खुर्ची हाये ना स्टेजवर. दारात गाडी पाठवतो. चार पोट्टे येतीन, तुमाले उचलून गाडीत बसवतीन."

"आत्तापासूनच उचलता? थोडा दम तं काढा!"

आत चहा गाळणारी सून नसरीन फिसकन हसली. जमुनाला मात्र हसू आलं नाही. ज्या माणसाने तिला पळायला शिकवलं त्याच्या गळ्यात हार घालायचा, एवढी एकच इच्छा तिने निवृत्तीच्या समारंभासाठी सांगितली होती. शाल-श्रीफळ, भाषणं, जेवण हे कॉलेजने काय वाटेल ते करावं. पण पहिला हार अन्सारचाचांना. आणि नेमकं इथेच घोडं पेंड खात होतं.

प्राध्यापक डॉक्टर जमुना खेमसिंग जाधव. दिग्रसच्या कॉलेजात मराठी शिकवण्यात उभा जन्म गेला. येत्या शनिवारी निरोप. अन्सारभाई म्हणजे दारव्हा रोडच्या नाक्यावरचे जुने सायकलवाले. दुकानात आता त्यांचा मुलगा इमरान मोटरसायकली दुरुस्त करतो. जुन्या दिवसांची एकच सायकल मागच्या भिंतीवर खिळ्याला टांगलेली आहे, तीही बिनघंटीची. घंटी खाटेवर आली आहे. मागच्या वर्षी पडल्यापासून अन्सारभाईंचा आवाज पार बसला, हाक स्वयंपाकघरापर्यंत पोचेना, म्हणून इमरानने ती काढून खाटेच्या दांडीला आवळून दिली. पाणी हवं असलं, औषध हवं असलं की ते घंटी वाजवतात आणि नसरीन "आली अब्बा!" म्हणत येते.

"मॅडम, तुमी मनाले लावून घेऊ नका," चहा देताना नसरीन म्हणाली. "अब्बा तसेच हायेत. तुमचा तो जाड पुस्तक बी यायनं असाच उशीखाली ठेवलता."

ते जाड पुस्तक म्हणजे जमुनाचा पीएच.डी.चा प्रबंध. विषय होता कवितेची लय आणि श्वास. पहिल्या पानावर छापलं होतं, 'ज्यांनी मला श्वास शिकवला त्या अन्सारचाचांना.' तेव्हाही ते असेच गप्प बसले होते. जमुनाला वाटलं होतं, माणूस भारावला.

जमुनाची गोष्ट तिच्या विद्यार्थ्यांना तोंडपाठ होती. दरवर्षी कवितेच्या पहिल्या तासाला ती ऐकावीच लागे. मागच्या बाकावरची पोरं तर ओठ हलवून तिच्याबरोबर ती म्हणत आणि पकडली गेली की कवितेच्या नादात होतो असं सांगत. त्यांनी तिचं नाव 'एक्सप्रेस मॅडम' ठेवलं होतं, कारण शिकवताना ती दारापासून खिडकीपर्यंत अखंड येरझाऱ्या घालायची.

गोष्ट अशी. बंजारा तांड्यातली पंधरा वर्षांची पोर शाळेच्या शर्यतीत मुलांनाही मागे टाकून आली. खेळाचे सर म्हणाले, हिने रोज पळायला पाहिजे. पण पळवणार कोण? सर पुसदहून येऊन-जाऊन करायचे. मग त्यांनी अन्सारभाईंना गाठलं. त्यांच्याजवळ सायकल होती आणि भल्या पहाटे गिऱ्हाईक नव्हतं. दुसऱ्या दिवसापासून जमुना तांड्यापासून नाक्यापर्यंत पळू लागली. मागे दोन विजेच्या खांबांचं अंतर राखून सायकल. अन्सारभाईंचा हुकूम एकच होता, पळता पळता कविता म्हणायची. मोठ्याने. त्याने दम वाढतो.

तांड्यात सगळे गोरबोली बोलत. मराठी ही शाळेची भाषा. दप्तरातून येई आणि दप्तरातच परत जाई. जमुनाला पाठ असलेली पहिली मराठी कविता प्राथमिक शाळेतली होती:

डोंगरामागे गाव कुणाचा?
आधी दिवा लागला ज्याचा.

अर्थ तिला नीट कळला नव्हता. गावात दिवा आधी लागला म्हणून गाव त्याचा कसा होईल, असं तिला वाटे. पण पायांना ती बरोबर बसली. एक ओळ, चार पावलं, एक श्वास. चौथीचं पुस्तक संपलं, पाचवीचं संपलं, दहावीपर्यंतच्या सगळ्या कविता त्या रस्त्यावर म्हणून झाल्या. आवाज खाली आला की मागून घंटी वाजायची. घंटी म्हणजे वेग वाढव, हे तिला न सांगताच कळलं होतं. ती आवाजही वाढवायची आणि पायही.

पुढे मैदानावरच्या शर्यतीत शेवटच्या फेरीची घंटी वाजली की तिच्या कानांआधी पायांना ती ऐकू येई. तोवर पाचव्या-सहाव्या क्रमांकावर रेंगाळणारी जमुना असा काही वेग घेई की बघणारे उभे राहत. ती विद्यापीठाची कलर होल्डर झाली. त्याचा मिळालेला कोट अजून कपाटात डांबराच्या गोळ्यांत लटकला आहे. एकदा देशभरातल्या विद्यापीठांच्या स्पर्धेत ती चौथी आली. शर्यतीत चौथा म्हणजे पंगत उठल्यावर आलेला पाहुणा, त्याला कोणी काही वाढत नाही.

पळणं सुटलं ते असं एकाएकी नाही. पायाचं हाड दुखायला लागलं, एम.ए.ला प्रवेश घेतला, लग्न झालं, नोकरी लागली. पण वर्गात इतर जण कविता डोळ्यांनी वाचत तेव्हा ही पायांनी वाचायची. कवीने ओळ कुठे सोडली आणि श्वास कुठे घेतला, हे तिला चालून दाखवता येई. त्यावरच तिचं नाव झालं, त्यावरच प्रबंध झाला. आणि गोष्टीचा शेवट ती दरवर्षी एकाच वाक्याने करायची, "माझ्या वडिलांनी मला एकदाही धावताना पाहिलं नाही. पण अन्सारचाचांनी मला श्वास दिला."

मग मुलं टाळ्या वाजवायची आणि तास संपायचा.

शुक्रवारी दुपारी क्रीडा विभागाचे रजत सर मोबाईल नाचवत तिच्या खोलीत आले. तरणाबांड उत्साही माणूस. कॉलेजात कोणी शिंकलं तरी त्याचा बॅनर लावणारा.

"मॅडम, बघा. स्टेजच्या मागे लागन. वीस फुटी!"

बॅनरवर अन्सारभाईंचा फोटो होता, नसरीनकडून मागवलेला. खाली सोनेरी अक्षरांत लिहिलं होतं, 'दिग्रसचे द्रोणाचार्य'.

जमुनाला गंमत वाटली. म्हातारा हे बघून तरी विरघळेल, असंही वाटलं. संध्याकाळी ती फोटो घेऊन पुन्हा नाक्यावर गेली.

अन्सारभाईंनी चष्मा पुसून मोबाईल डोळ्यांजवळ धरला. बराच वेळ बघितलं. मग मोबाईल तिच्या हातात परत दिला.

"हे कोनं छापलं?"

"आमचे रजत सर. चांगलं हाये ना?"

"नसरीन," त्यांनी बसक्या आवाजात हाक मारली. ती ऐकू गेली नाही म्हणून घंटी वाजवली. नसरीन आली. "दार लोटून घे. आन इमरानले म्हन, गाडी बंद कर थोडी."

दुकानातल्या इंजिनाची घरघर थांबली. जमुना खाटेच्या कडेला बसून राहिली.

"बेटा, मी कोच नोतो," अन्सारभाई म्हणाले.

"झालं तुमचं सुरू, चाचा."

"आयकून घे. मले पयन्यातलं काय समजते? मी पंक्चरवाला मानूस. शाळेतल्या सरानं म्हनलं, पोरीच्या मांगं जा. मी हो म्हनलं. त्याच सांजेले तुया बाप दुकानात आल्ता. खेमसिंग. सायकलची चेन लावाले आलो म्हने. चेन तं चांगली होती."

जमुनाच्या हातातला मोबाईल विझला. तिने तो तसाच पर्समध्ये टाकला.

"म्हने, अन्सार, मास्तर म्हनते पोरीले पयू दे. तांडा म्हनते, नाई. अंधारात जवान पोट्टी, मांगं परका मानूस, तोही मियाँ. उद्या तिचं लगन कोन करन? मले तुया भरवसा हाये म्हने. पन पोरीचा आवाज मले रस्ताभर आयकू आला पायजे. मी वावरात मचानावर राहीन. आवाज बंद झाला, का कुऱ्हाड घेऊन येईन. आन तू दोन खांबं मांगं राह्य."

"दम वाढते म्हनले होते तुमी," जमुना म्हणाली. तिचा स्वतःचाच आवाज तिला लांबून आल्यासारखा वाटला.

"तोंडात आलं ते बोललो. पंधरा सालाच्या पोट्टीले काय सांगू? का तुयावर पहारा बसवला म्हनून? तू हासत होती, नव्या कॅनवासच्या जोड्याकडे पाहून राह्यली होती. माह्या तोंडून निंगालं, कविता म्हन, दम वाढते."

"आन घंटी?"

"अरे, घंटी!" अन्सारभाईंनी कपाळावर हात मारून घेतला. "तुया आवाज पडला का मले घाम फुटे. आता उतरते खेमसिंग मचानावरून! म्हनून घंटी वाजवो. तं तू आवाज वाढवे तो वाढवे, पाय बी उचले! दोन खांबं राखता राखता माह्या नाकी नऊ येत. मी मनात म्हनो, या अल्ला, हे पोट्टी एवढी कायले पयते!"

जमुनाला हसू फुटलं. कलर कोट, शेवटच्या फेरीतला तो गाजलेला वेग, कवितेच्या श्वासावरचं जाडजूड संशोधन, सगळं एका भ्यालेल्या सायकलवाल्याच्या घंटीवर उभं होतं. ती डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. मग हसू ओसरलं आणि पाणी तेवढं राहिलं.

"म्हंजे बाचा भरवसा नोता माह्यावर," ती म्हणाली.

"तुयावर होता. गावावर नोता."

"एकदा तरी सांगाचं होतं तेनं."

"तेनंच शपथ घातलती. पोरीले समजलं तं ती मोकळी पयनार नाई म्हने. आता तो नाई राह्यला, मीही किती दिवस. मी या वयात झुटा हार घालून वर जाऊ काय?" अन्सारभाई दमले होते. दोन घोट पाणी पिऊन त्यांनी पुन्हा सांगितलं, "एक दिवस चुकला नाई तो. थंडीत घोंगडं पांघरून बसे मचानावर. घरी सांगे, डुकरं राखाले जातो. अंधारात दिसे नाई, तरी मी सायकलवरून जाताना हात वर करो. तो बी करे म्हने. हार घालाचा तं त्याले घाल, बेटा."

जमुना पायीच घरी निघाली. बाप तिला आठवत होता तो असा: पदक घेऊन घरी गेलं की चुलीपुढून मान वर न करता विचारायचा, "जेवली का, छोरी?" एवढंच. याडी, म्हणजे आई, पदक शेजारणींना दाखवायची, बा उठून गोठ्यात जायचा. जमुनाने ते मनात धरलं होतं. नुसतं धरलं नव्हतं, शेकडो पोरांसमोर दरवर्षी ते वाक्य टाळ्यांसाठी म्हटलं होतं. वाक्य खोटं नव्हतं. बापाने तिला धावताना खरंच पाहिलं नव्हतं. अंधारात काय दिसणार? तो ऐकत होता.

तिला बापाचा राग आला, अन्सारचाचांचा आला. साऱ्या जगात आपण एकट्या, मोकळ्या पळत होतो असं जिला वाटत होतं त्या पोरीचाही आला. कोणावर तो काढावा हे मात्र समजेना. घरी नवऱ्याने विचारलं, "काय झालं?" ती म्हणाली, "काही नाही, भाजी काय आणली?" आणि मेथी निवडायला बसली.

शनिवारी सकाळी तिने रजत सरांना बॅनर उतरवायला लावला.

"मॅडम, छपाई झाली ना!"

"गुंडाळून ठेवा. पावसाळ्यात गाडी झाकायला होईल."

समारंभ व्हायचा तसा झाला. प्राचार्यांनी तिच्या शिस्तीबद्दल सांगितलं, संस्थेच्या अध्यक्षांनी स्वतःबद्दल. पहिल्या रांगेतली एक खुर्ची रिकामीच होती. जमुना बोलायला उभी राहिली तसं मागच्या बाकांवर हालचाल झाली. एक्सप्रेस मॅडमची गोष्ट येणार म्हणून पोरं ओठ तयार करून बसली. जमुनाने माईक धरला आणि ती गप्प झाली. इतका वेळ, की रजत सर वायर तपासायला धावले.

"मी इतकी वर्षं तुम्हाला जी गोष्ट सांगत आले ती अर्धीच होती," ती शेवटी म्हणाली. "उरलेली अर्धी मला कालच कळली. ती अजून मला सांगता येत नाही. मला माफ करा."

ती खाली बसली. टाळ्या वाजवाव्यात की नाही हे कोणाला समजेना. मग जेवणाची सूचना झाली आणि सगळे सुटले.

त्या रात्री ती तांड्यावर भावाकडे मुक्कामाला गेली. पहाटे उठली, डॉक्टरांनी चालण्यासाठी घ्यायला लावलेले बूट घातले आणि साडीचा पदर खोचला. भावजय चुलीपाशी होती.

"बाई, एवढ्या थंडीत कुठं?"

"नाक्यावर जाऊन येते."

"मोटरसायकल हाये ना दारात!"

जमुना रस्त्यावर आली, पहिल्या खांबाला हात लावला आणि कविता सुरू केली. डोंगरामागे गाव कुणाचा. आवाज सुरुवातीला घशातच फिरला. स्वतःच्या वर्गात खिडकीची तावदानं हलवणारी बाई स्वतःच्या तांड्याच्या रस्त्यावर लाजत होती. तिने खाकरून पुन्हा सुरू केलं. या खेपेला कुत्रं भुंकलं, म्हणजे आवाज पोचत होता.

साठीच्या पायांना जे जमलं त्याला पळणं म्हणता आलं नसतं, पण चालणंही ते नव्हतं. तुरीच्या शेंगांवर दव होतं. कापूस वेचायला निघालेल्या बाया डोक्यावर फडकी गुंडाळून रस्त्याच्या कडेने येत होत्या. त्या थबकल्या.

"अवं, जाधव मॅडम ना त्या?"

"काय झालं वं बाई? कोनी मेलं काय?"

जमुनाने हात हलवला आणि पुढची ओळ म्हटली. ओळ अर्धी ठेवून त्यांना उत्तर देणं बरं दिसलं नसतं.

बापाचं वावर आलं. मचान कधीच मोडलं होतं. आता कडेच्या धुऱ्यावर तार होती आणि डुकरांना झटका देणारं सौरयंत्र टिकटिकत होतं. ती तिथे थांबली. मग वावराकडे तोंड करून पूर्ण कविता म्हटली, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत, घशाच्या शिरा ताणून. शेवटी तिने हात वर केला. वावरात कोणी नव्हतं. ती रडली, तोंड न झाकता, लहान मुलीसारखी. कोणी पाहिलं तर पाहो, असं तिला त्या वेळी वाटलं. मग तिने पदराने नाक पुसलं आणि निघाली, कारण अजून नाका लांब होता.

उजाडता उजाडता नाका दिसला. दुकानाचं शटर बंद होतं. मागच्या घरात चूल पेटली होती, पत्र्यावरून धूर वर चढत होता. एवढ्या अंतरात जमुनाच्या छातीचा भाता झाला होता. दम वाढतो म्हणे! तिने घराच्या भिंतीला हात टेकला. डोंगरामागे गाव, एवढं ती म्हणाली आणि पुढचा शब्द निघेना. ओठ हलले, आवाज आला नाही. रस्त्यावरही काही आवाज नव्हता.

भिंतीच्या आत घंटी वाजली.

"आली अब्बा!" नसरीनने भांडी ठेवल्याचा आवाज आला, मग तिची पावलं. "काय पायजे? पानी देऊ?"

"तुले नाई बोलावलं," अन्सारभाईंचा बसका आवाज म्हणाला, "तू जा."

घंटी पुन्हा वाजली, आधीपेक्षा जोरात. जमुनाने भिंतीवरचा हात काढला, श्वास घेतला आणि ओळ पुरी केली.